घरात आहे, यादीत नाही

गणपतीत आमचे गुहागरचे घर भरते. डोंबिवलीहून भाऊ, वहिनी आणि पुतण्या येतात. गणपती दीड दिवसाचा असला तरी मंडळी गौरीविसर्जनापर्यंत राहतात. गेल्या वर्षी विसर्जन करून समुद्रावरून परतलो आणि पावसाने जोर धरला. बाहेर पडायची सोय नव्हती. अभ्यासासाठी घेतलेला लॅपटॉप पुतण्याने ओटीवर मांडला आणि मोटारींच्या शर्यतीचा एक गेम सुरू केला. थोड्याच वेळात तो वैतागून म्हणाला, "काका, गाडी अडखळतेय. ग्राफिक्स कार्डाच्या सॉफ्टवेअरमध्ये या गेमसाठी वेगळी सेटिंग लावायचीय, पण हा गेम त्या यादीत येतच नाहीये."

मी गावात बरीच वर्षे संगणकाचे वर्ग घेतले. गेमशी माझा संबंध मुलांना त्यापासून उठवण्यापुरता. तरी यंत्राचे कोडे समोर आले की बसवत नाही. मी चष्मा लावून शेजारी बसलो.

गेम त्याने विकत घेतलेला नव्हता. महिन्याची वर्गणी भरली की शेकडो गेम खेळायला देणाऱ्या एका सेवेतून तो उतरवून घेतलेला होता. यादीत नवा गेम जोडण्याचे बटण होते. ते दाबले की सॉफ्टवेअर गेमची फाइल मागायचे. फाइल शोधत गेलो तर एका फोल्डरच्या दारातच अडवणूक झाली, आत जाण्याची परवानगी नाही. पुतण्या म्हणाला, "लॅपटॉप बाबांनी घेतलेला, गेम माझ्या डिस्कवर, वर्गणी भरलेली, आणि मलाच आत जायला मनाई?"

त्या संध्याकाळी तात्पुरता मार्ग निघाला. पण पोराचा प्रश्न माझ्या डोक्यातून गेला नाही. पुढचे काही महिने मी त्याच्या मागे लागलो, आणि एका बटणाच्या अडचणीत मालकी, वहिवाट आणि वर्गणी या तिन्हींचा गुंता असल्याचे ध्यानात आले. कोकणातल्या माणसाला हे तिन्ही शब्द नवे नाहीत. म्हणून हा लेख.

यादी कशासाठी असते

संगणकाच्या नेहमीच्या पडद्यावर आडवे १९२० आणि उभे १०८० ठिपके असतात. गुणाकार केला तर २०,७३,६०० होतात. गेम चालू असताना हे सगळे ठिपके सेकंदाला ६० वेळा नव्याने रंगवावे लागतात. म्हणजे एका चित्राच्या वाट्याला सुमारे १६.७ मिलिसेकंद येतात. एवढ्या वेळात गाडी कुठे आहे, ऊन कुठून पडले आहे, ओल्या रस्त्यात कशाचे प्रतिबिंब दिसते, हे सगळे ठरवून रंगवायचे. संगणकाचा मुख्य प्रोसेसर हे काम एकट्याने करू शकत नाही. त्यासाठी हजारो लहान हिशेब एकाच वेळी करणारा वेगळा प्रोसेसर लागतो. तोच ग्राफिक्स कार्डाचा जीव.

कार्ड आणि गेम यांची भाषा एक नसते. मध्ये दुभाषा लागतो, त्याला ड्रायव्हर म्हणतात. एनव्हिडिया, एएमडी आणि इंटेल या कार्डे बनवणाऱ्या मोठ्या कंपन्या आपापले ड्रायव्हर स्वतः लिहितात. एनव्हिडियाचे अभियंते आपल्या पुण्यातही काम करतात. ड्रायव्हरबरोबर एक नियंत्रणाचे सॉफ्टवेअर येते. एनव्हिडियाचे 'कंट्रोल पॅनेल' जुने. त्याच्या जोडीला नोव्हेंबर २०२४ मध्ये 'एनव्हिडिया अ‍ॅप' रीतसर आले. एएमडीच्या सॉफ्टवेअरचे नाव 'अ‍ॅड्रेनलिन'.

या सॉफ्टवेअरमध्ये दोन प्रकारच्या सूचना देता येतात. काही सूचना सगळ्या प्रोग्रॅमना सरसकट लागू होतात, तर काही एकेका प्रोग्रॅमपुरत्या असतात. एखादा गेम सेकंदाला ६० चित्रांवर रोखायचा, म्हणजे पंख्याचा आवाज आणि उष्णता कमी होते. दुसऱ्यात वेग हवा, तिसऱ्यात चित्राची सफाई हवी. सरसकट सूचना दिली तर एकाचे औषध दुसऱ्याला बाधते. म्हणून प्रोग्रॅमवार यादी असते आणि यादीतल्या प्रत्येक नावापुढे त्याच्या स्वतंत्र सूचना असतात.

लॅपटॉपवर आणखी एक भानगड असते. गेमसाठी घेतलेल्या बहुतेक लॅपटॉपमध्ये दोन ग्राफिक्स प्रोसेसर असतात. एक मुख्य चिपमध्येच असलेला, बॅटरी वाचवणारा. दुसरा स्वतंत्र आणि ताकदवान. कोणत्या प्रोग्रॅमला कोणता द्यायचा हे यंत्र आपल्या समजुतीने ठरवते. ती समजूत चुकली की शर्यतीची गाडी अशक्त बैलाला जुंपली जाते. पुतण्याच्या लॅपटॉपवर तेच झाले होते.

नावावरून ओळख

ड्रायव्हर गेमला ओळखतो तरी कसा? त्याला चित्र दिसत नाही, कथा कळत नाही. गेम सुरू होऊन कार्डाकडे पहिली मागणी करतो, तेव्हा ड्रायव्हर प्रामुख्याने एकच चौकशी करतो: मागणी करणाऱ्या फाइलचे नाव काय? विंडोजमध्ये चालवायच्या फाइलच्या नावाला '.ईएक्सई' अशी शेपटी असते. ते नाव ड्रायव्हर आपल्या यादीत शोधतो. सापडले तर त्यापुढच्या सूचना लावतो, नाही सापडले तर सरसकट सूचनांवर भागवतो.

ही ओळख किती वरवरची असते, याचा एक किस्सा संगणकाच्या इतिहासात नोंदलेला आहे. २००१ साली एटीआय या कंपनीचे रेडिऑन ८५०० हे कार्ड बाजारात आले. एटीआय पुढे एएमडीत विलीन झाली. त्या काळी कार्डांची शर्यत 'क्वेक ३' या गेमवर लावली जाई. काही परीक्षकांना शंका आली. त्यांनी गेमच्या फाइलमधला 'क्वेक' हा शब्द बदलून 'क्वॅक' केला. बाकी एका अक्षराला हात लावला नाही. गेमचा वेग घटला आणि चित्राची सफाई मात्र सुधारली. ड्रायव्हर 'क्वेक' हे नाव पाहताच सफाई कमी करून वेग वाढवत होता, हे उघड झाले. वादातली नैतिक बाजू सोडली तरी त्यातून एक गोष्ट पक्की कळते. ड्रायव्हरच्या लेखी गेम म्हणजे फाइलचे नाव.

आपल्याकडे तलाठ्याच्या दफ्तरात नावातली वेलांटी चुकली की वारस असूनही माणूस परका होतो, तसाच हा प्रकार.

वर्गणीच्या गेमचे घोडे इथेच पेंड खाते. अनरिअल इंजिनवर बांधलेले अनेक गेम दुकानातून विकत घेतले, तर त्यांच्या मुख्य फाइलच्या नावात 'विन६४-शिपिंग' असे शब्द असतात. तोच गेम मायक्रोसॉफ्टच्या वर्गणीतून आला, तर बऱ्याचदा त्या जागी 'विनजीडीके-शिपिंग' असते. खेळणाऱ्याला दोन्हींत काही फरक दिसत नाही. पण विकत घेतलेल्या गेमचे नाव ड्रायव्हरच्या यादीत असले, म्हणून वर्गणीतला गेम त्याला ओळखता येईलच असे नाही.

कुलूपबंद खोली

नाव वेगळे असले तरी फाइल दाखवता आली असती तर काम झाले असते. ती दाखवता का येत नाही, हे समजायला दहा वर्षे मागे जावे लागते.

जुलै २०१५ मध्ये विंडोज १० आले. त्याबरोबर मायक्रोसॉफ्टने प्रोग्रॅम वाटण्याची नवी पद्धत पुढे रेटली. जुन्या पद्धतीत प्रोग्रॅम म्हणजे फायलींचा ढीग असे. तो कुठेही टाकावा, उघडावा, त्यात फेरफार करावेत. नव्या पद्धतीत प्रोग्रॅम म्हणजे मोहोरबंद गाठोडे झाले. गाठोड्याला साध्या नावाऐवजी एक लांबलचक ओळख मिळाली: प्रकाशकाचे नाव, प्रोग्रॅमचे नाव आणि शेवटी तेरा अक्षर-आकड्यांची शेपटी. ही गाठोडी 'प्रोग्रॅम फाइल्स'च्या आत 'विंडोजअ‍ॅप्स' नावाच्या लपवलेल्या फोल्डरमध्ये ठेवली जातात. त्या फोल्डरचा मालक लॅपटॉप विकत घेणारा माणूस नसतो. 'ट्रस्टेडइन्स्टॉलर' नावाचे विंडोजचे स्वतःचे एक खाते त्याचे मालक असते. संगणकाचा व्यवस्थापक म्हणून नोंदलेल्या माणसालाही तिथे थेट प्रवेश नाही.

हे केवळ आडमुठेपणाने केलेले नाही, हे सांगितले पाहिजे. मोहोरबंद गाठोड्यात व्हायरस सहज घुसत नाही. प्रोग्रॅम काढून टाकला की तो बराचसा स्वच्छ निघतो, मागे कचरा उरत नाही. अद्ययावत करणे सोपे जाते. आणि ज्याची वर्गणी चालू आहे त्यालाच गेम उघडावा, ही व्यवस्थाही राखता येते. कंपनीला हा शेवटचा मुद्दा महत्त्वाचा असणार, यात नवल नाही.

पण त्याची किंमत खेळणाऱ्यांनी मोजली. जानेवारी २०१६ मध्ये 'राइज ऑफ द टॉम्ब रेडर' हा मोठा गेम विंडोजच्या दुकानात आला, तेव्हा चित्राचा वेग पडद्याच्या वेगापासून मोकळा करता येत नव्हता, दोन कार्डे जोडून चालवता येत नव्हती, आणि हौशी लोक गेममध्ये जे फेरफार करतात तेही शक्य नव्हते. हाच गेम दुसऱ्या दुकानातून घेतला तर ही बंधने नव्हती. मार्च २०१६ मध्ये एपिक गेम्सचे संस्थापक टिम स्वीनी यांनी ब्रिटनच्या 'गार्डियन'मध्ये लेख लिहून या पद्धतीला जाहीर विरोध केला. संगणक हे खुले व्यासपीठ राहिले पाहिजे, असे त्यांचे म्हणणे होते. त्याच वर्षी मे महिन्यात चित्राच्या वेगावरचे बंधन सैल झाले. मे २०१९ मध्ये मायक्रोसॉफ्टने जुन्या, खुल्या पद्धतीचे गेमही आपल्या दुकानात घेण्याचे जाहीर केले. पुढच्याच महिन्यात त्यांची 'गेम पास' ही वर्गणीची सेवा संगणकावर आली. एक्सबॉक्स या खेळयंत्रावर ती २०१७ पासून होती. २०२१ च्या अखेरीपासून वर्गणीतले बरेच गेम 'एक्सबॉक्सगेम्स' नावाच्या उघडता येणाऱ्या फोल्डरमध्ये येऊ लागले.

म्हणजे खोलीचे दार आता बऱ्याच गेमच्या बाबतीत किलकिले आहे. सगळ्या नाही. काही जुने गेम अजून कुलपाच्या आत आहेत आणि उघड्या फोल्डरमधल्याही काही फायली पाहता येतात, हलवता येत नाहीत.

यादीत कसे आणायचे

आता व्यवहाराचे बोलू. वाचकांपैकी कुणाच्या नातवाने किंवा मुलीने हा प्रश्न विचारला, तर पुढचे पाच मुद्दे उपयोगी पडतील.

पहिला: आधी गेम एकदा चालवावा आणि मग बंद करावा. एनव्हिडियाच्या कंट्रोल पॅनेलमध्ये त्रिमिती सेटिंगच्या पानावर प्रोग्रॅमवार सेटिंगचा भाग आहे. तिथे जोडण्याचे बटण दाबले की अलीकडे चालवलेल्या प्रोग्रॅमची यादी उघडते. नुकताच चालवलेला गेम तिच्यात वरच्या बाजूला सापडण्याची शक्यता मोठी. फाइलचा पत्ता शोधत बसावे लागत नाही. मात्र तो ओळखीच्या नावाने असेलच असे नाही, गाठोड्याच्या लांबलचक नावानेही असू शकतो. आम्हाला तो असाच सापडला.

दुसरा: तिथे नाही सापडला तर एक्सबॉक्सच्या अ‍ॅपमध्ये गेमच्या व्यवस्थापनाच्या भागात जावे. फायलींच्या पानावर फोल्डर उघडण्याचे बटण असते. तिथून गेम कुठे ठेवला आहे ते कळते. मग कार्डाच्या सॉफ्टवेअरला तो पत्ता दाखवावा. अ‍ॅड्रेनलिनमध्येही गेमच्या पानावर हाताने गेम जोडण्याची सोय आहे.

तिसरा मुद्दा सापळ्याचा. त्या फोल्डरमध्ये बहुधा 'गेमलाँचहेल्पर' नावाची फाइल दिसते आणि तीच गेम आहे असे वाटते. ती फक्त दार उघडून देणारी आहे. गेम सुरू करून दिला की तिचे काम संपते, चित्र ती काढत नाही. तिला यादीत घालून सूचना दिल्या तर त्या वाया जातात. खरी फाइल ओळखायची असेल तर गेम चालू ठेवून टास्क मॅनेजर उघडावा. गेमच्या नावावर उजवी कळ दाबून तपशिलाच्या पानावर गेले की चित्र काढणाऱ्या फाइलचे नाव दिसते. यादीत ते नाव हवे.

चौथा: लॅपटॉपवर गेम अडखळत असेल तर कार्डाच्या सॉफ्टवेअरच्या आधी विंडोजच्या सेटिंगमध्ये जावे. सिस्टिम, मग डिस्प्ले, मग ग्राफिक्स. इथे २०१८ पासून प्रत्येक प्रोग्रॅमला कोणता प्रोसेसर द्यायचा ते ठरवता येते. दुकानातून आलेले प्रोग्रॅम इथे फाइल न दाखवता, नुसत्या नावाने निवडता येतात. त्यापुढे जास्त क्षमतेचा पर्याय निवडला की झाले. प्रोसेसरच्या निवडीबाबत आता विंडोजचा शब्द अखेरचा असतो. पुतण्याची गाडी खरी सुटली ती इथे.

पाचवा मुद्दा न करण्याचा. कुलूपबंद फोल्डरची मालकी स्वतःच्या नावावर करून घेण्याच्या युक्त्या सांगणारे पुष्कळ भेटतात. त्या नादी लागू नये. तशी मालकी ओढून घेतली तर दुकानातून आलेले इतर प्रोग्रॅम बिघडू शकतात आणि शेवटी सगळे विंडोज नव्याने बसवण्याची वेळ येते. एका सेटिंगसाठी एवढा खटाटोप परवडत नाही.

एवढे केल्यावर गेम यादीत येतो. पण ज्या प्रश्नाने मला लेखाला बसवले तो तसाच राहतो. आपल्या घरातल्या वस्तूचे नाव आपल्याच यादीत घालायला एवढी खटपट का करावी लागते?

वर्गणी म्हणजे काय

माझे उत्तर असे आहे, की ती वस्तू आपली नाही म्हणून. तांत्रिक अडचण ही त्या कराराची पडद्यावर पडलेली सावली आहे. कंपनीने आपल्याला गेम दिलेला नाही, खेळायची मुभा दिली आहे. मुभा दिलेल्या वस्तूची फाइल हाताळण्याची गरज तुम्हाला पडणार नाही, असे गृहीत धरूनच ती खोली बांधली गेली.

आमच्याकडे हापूसची बाग मोसमापुरती कराराने देतात. घेणारा फवारणी करतो, राखण करतो, आंबे उतरवतो. त्याला बागेत मुक्त वावर असतो. पण कलम तोडायचा किंवा नवे लावायचा अधिकार त्याला नसतो, आणि मोसम संपला की तो बाहेर. यात फसवणूक कुणाचीच नसते, कारण दोघांनाही करार ठाऊक असतो. कोकणात हक्काचे वाद पिढ्यान् पिढ्या चालत आले. खोती गेली, १९४८ चा कूळकायदा आला, १ एप्रिल १९५७ हा कृषक दिन ठरला आणि जमीन कसणाऱ्या कुळाला मालकीची वाट मिळाली. वर्गणीच्या गेमला कूळकायदा नाही. तुम्ही त्यात हजार तास घाला, वहिवाटीने हक्क उत्पन्न होत नाही.

पुण्याचेच उदाहरण घेऊ. नॉडिंग हेड्स गेम्स या पुण्यातल्या छोट्या चमूने 'राजी: अ‍ॅन एन्शंट एपिक' हा गेम बनवला. सर्कशीत काम करणारी राजी आपल्या धाकट्या भावाला, गोलूला, असुरांपासून सोडवायला निघते आणि दुर्गा व विष्णू तिची कथा सांगतात, अशी त्याची मांडणी. वास्तूंवर राजस्थानची आणि रंगांवर पहाडी चित्रशैलीची छाप. २०१७ मध्ये लोकवर्गणीतून पैसा उभारण्याचा त्यांचा प्रयत्न लक्ष्य गाठू शकला नव्हता. तरी काम थांबले नाही. २०२० मध्ये गेम बाजारात आला आणि त्या वर्षीच्या 'गेम अवॉर्ड्स'मध्ये पदार्पणाच्या विभागात त्याला नामांकन मिळाले. जुलै २०२१ मध्ये तो गेम पासच्या वर्गणीत दाखल झाला. ज्यांनी तो कधी विकत घेतला नसता अशा लोकांपर्यंत एका झटक्यात पोहोचला. जुलै २०२२ च्या अखेरीस तो वर्गणीतून बाहेर पडला. गेम जगातून गेला नाही, विकत घ्यायला उपलब्ध राहिला. पण ज्याने वर्गणीतून घेतला होता, त्याच्या डिस्कवर फायली पडून असल्या तरी त्या उघडेनात. अर्धी कथा खेळून झाली असेल तर पुढची विकत घ्या.

यात अन्याय आहे का? मला तसे सरसकट म्हणता येत नाही. हा अंक वाचणाऱ्यांपैकी अनेकांनी वाचनालयाची दिवाळी अंक योजना घेतलेली असेल. एकदा ठरावीक पैसे भरायचे आणि शंभरावर अंक आळीपाळीने घरी आणून वाचायचे. का. र. मित्र यांनी १९०९ मध्ये 'मनोरंजन'चा पहिला दिवाळी अंक काढला, तेव्हापासूनचे सगळे अंक विकत घेऊन घरात ठेवणे कुणाला शक्य होते? रत्नागिरीचे नगर वाचनालय १८२८ चे, चिपळूणचे लोकमान्य टिळक स्मारक वाचन मंदिर १८६४ चे. या जिल्ह्याचे वाचन वर्गणीवरच वाढले. वर्गणीने वापर मिळतो, मालकी मिळत नाही, हे आपण दोनशे वर्षे आनंदाने मान्य केले आहे.

फरक दोन ठिकाणी आहे. वाचनालयातला अंक परत केला तरी तो वाचनालयाच्या कपाटात राहतो. वाचनालय गावाचे असते. पाच वर्षांनी गेलो तरी ग्रंथपाल शोधून देतात. गेमच्या वर्गणीतून एखादे नाव गेले की ते त्या कपाटातूनच जाते, आणि काय ठेवायचे, काय काढायचे हे कंपनी आणि प्रकाशक यांच्यातल्या करारावर ठरते. दुसरा फरक नियतकालिकाच्या वर्गणीदाराचा. तुम्ही पुढच्या वर्षी वर्गणी भरली नाही तरी आलेले अंक तुमच्या माळ्यावर राहतात. संपादक येऊन ते घेऊन जात नाहीत.

मालकीचे गोडवे गाताना आणखी एक गोष्ट विसरता येत नाही. ज्या महिन्यात 'राजी' वर्गणीत आली, त्याच जुलै २०२१ च्या २२ तारखेला वाशिष्ठीचे पाणी चिपळुणात शिरले. बाजारपेठ बुडाली, घरे बुडाली, वाचन मंदिरातल्या पुस्तकांचे मोठे नुकसान झाले. ज्यांच्या मालकीचे होते त्यांचेच गेले. संगणक चिखलाने भरले, त्यांतल्या डिस्क आणि शेजारच्या सीडीही गेल्या. वर्गणीच्या गेमचे असे होत नाही. नवा लॅपटॉप घ्या, खात्यात शिरा, गेम पुन्हा उतरतो आणि खेळ जिथे थांबला होता तिथून बहुधा सुरू होतो, कारण ती नोंद कंपनीच्या दूरच्या संगणकावर ठेवलेली असते. कपाटातल्या वस्तूला पुराची भीती, वर्गणीच्या वस्तूला कराराची.

'विकत घ्या' या बटणावरही फार विसंबू नये. ऑक्टोबर २०२४ पासून स्टीम या सर्वांत मोठ्या गेमच्या दुकानात पैसे भरताना सूचना दिसू लागली, की तुम्ही वस्तू नव्हे तर वापराचा परवाना घेत आहात. त्याच्या आदल्या महिन्यात कॅलिफोर्नियात तसे स्पष्ट सांगणे बंधनकारक करणारा कायदा मंजूर झाला होता. गेमची स्थापना करणारी फाइल कायमची उतरवून ठेवू देणारी गॉगसारखी दुकाने आहेत, पण ती अपवाद. म्हणून माझे म्हणणे मर्यादित आहे. वर्गणी जरूर घ्यावी, स्वस्तात पुष्कळ पाहायला मिळते. मात्र जो गेम आपल्या मुलांनी पुन्हा पाहावा असे वाटते, तो ओळखून वेगळा विकत घ्यावा, आणि शक्य असेल तिथे त्याची फाइल जपावी. आवडलेला दिवाळी अंक योजनेतून वाचल्यावर आपण विकत आणून ठेवतोच की.

यंदाच्या गणपतीत

यंदा पुतण्या आला तेव्हा मी मुद्दाम त्या शर्यतीच्या गेमची चौकशी केली. तो म्हणाला, "गेला काका. वर्गणीतून काढला. नुसती जागा अडवत होता म्हणून मीही डिस्कवरून पुसून टाकला."

मी त्याला कार्डाच्या सॉफ्टवेअरमधली ती यादी उघडायला सांगितली. तिच्यात गेमचे नाव नव्हते. यादीखाली एक चौकट होती, याच संगणकावर सापडलेले प्रोग्रॅम दाखवा, अशा अर्थाची. तिच्यातली खूण काढायला सांगितली. यादी लांबलचक झाली. बरेच खाली गेल्यावर ते शेपटीवाले नाव सापडले, आणि त्यापुढे गेल्या वर्षी आम्ही दोघांनी ओटीवर बसून लावलेल्या सूचना जशाच्या तशा होत्या.

"म्हणजे आता यादीत आहे आणि घरात नाही," तो म्हणाला. खूण परत लावली आणि आम्ही आरतीला उठलो.